चिकूच्या लाकडावरची वाफ

झुंबर ढाकणे मूळचा पाथर्डी तालुक्यातला. एकविसाव्या वर्षी तो बोईसरला आला आणि कापड रंगवायच्या एका कारखान्यात बॉयलरच्या तोंडाशी कोळसा ओढायला लागला. सहा वर्षांनी परीक्षा देऊन तो बॉयलर अटेंडंट झाला आणि मग एकतीस वर्षं त्याच भट्टीसमोर, त्याच काट्याकडं बघत राहिला. लोक म्हणायचे, या कारखान्यात कापड तयार होतं. झुंबरच्या लेखी कारखान्यात वाफ तयार व्हायची आणि कापड तिच्या मागनं यायचं. पाणी तापतं, दिसेनासं होतं आणि न दिसता इतकी यंत्रं फिरवतं, याचं त्याला पहिल्या दिवशी जे नवल वाटलं होतं ते निवृत्त झाला त्या दिवशीही तसूभर कमी झालं नव्हतं.

निवृत्तीनंतर तो आणि त्याची बायको रखमाबाई बोईसरच्या पश्चिमेला, पास्थळकडं जाणाऱ्या रस्त्यालगत दोन खोल्यांत राहत होते. मुलगा इंद्रजीत चाकणला होता. दोघांचं ठीक चाललं होतं. आणि मे महिन्याच्या अखेरीस ते वादळ आलं.

येणार हे तीन दिवस आधीपासून माहीत होतं. होड्या किनाऱ्यावर ओढल्या होत्या, कारखान्यांनी पाळ्या बंद ठेवल्या होत्या, भोंगा लावून गाडी फिरून गेली होती. तरी दुपारी दोनच्या सुमारास जे सुरू झालं त्याची कल्पना कुणालाच नव्हती. वारा दाराला रेटत होता, आणि दार आत फुगत होतं. रखमाबाई दाराला पाठ लावून उभी राहिली, झुंबर पलंग ओढत होता, तेवढ्यात डोक्यावरचे पत्रे एकामागून एक उचकटून गेले. दार धाडकन उघडलं आणि रखमाबाई मनगटावर पडली. पुढचे तीन तास दोघं पलंगाखाली एकमेकांना धरून बसले. वरती आभाळ नुसतं धावत होतं.

सकाळी तिचं मनगट वांग्यासारखं सुजलं होतं. रिक्षा मिळायचा प्रश्नच नव्हता. समुद्राच्या बाजूला तीन किलोमीटरवर एका ट्रस्टचं चाळीस खाटांचं रुग्णालय होतं, तिकडं दोघं चालत निघाले. रस्ता असा नव्हताच. विजेचे खांब गुडघ्यात वाकले होते. दोन्ही बाजूंच्या वाड्यांमधली चिकूची झाडं, माणसाच्या कवेत न मावणारी, मुळांसकट उपटून सगळी एकाच दिशेला डोकं करून आडवी झाली होती. रखमाबाई हात छातीशी धरून मध्येच थांबली.

"आवो, एवढं कुनी केलं असंल वो?" ती हळूच म्हणाली.

रुग्णालयात तळमजल्यावर नाल्याचं पाणी मांडीइतकं चढून ओसरलं होतं आणि मागं बोटभर गाळ ठेवून गेलं होतं. जनरेटर पाण्यात बुडून गप्प झाला होता. ओपीडीवरचे पत्रे समोरच्या शेतात पसरले होते. पण पेशंट एकही खाली नव्हता. आदल्या दिवशी पाणी आत शिरायला लागलं तसं नर्स, वॉर्डबॉय, स्वयंपाकीणबाई आणि नातेवाईक यांनी मिळून अडतीस माणसं चादरींच्या झोळ्या करून जिन्यावरून वर नेली होती. लसी कोळीवाड्यातल्या बर्फाच्या कारखान्यातून आणलेल्या बर्फात ठेवल्या होत्या. वरच्या व्हरांड्यात एका म्हाताऱ्याच्या तोंडावर रबरी फुगा लावलेला होता. त्याचं श्वासाचं मशीन वीज गेल्यापासून बंद होतं. काल संध्याकाळपासून माणसं पाळीपाळीनं तो फुगा दाबत होती.

रखमाबाईच्या मनगटाचं हाड बसवून प्लास्टर होईपर्यंत झुंबरही त्या फुग्यापाशी बसला. नर्सनं दाखवलं तसा दाबायचा, सोडायचा. त्याच्या हाताच्या दाबासरशी समोरच्या परक्या माणसाची छाती वर येत होती. झुंबरनं उभ्या आयुष्यात किती टन वाफ केली असेल कोण जाणे, पण एवढासा श्वास देताना तो एकेक दाब मनात मोजत होता. पाळी संपली तरी तो उठला नाही. पुढच्या माणसानं खांद्याला धरून उठवलं.

तिथंच त्याच्या कानावर बोलणं पडलं. डॉ. मेघाली चुरी, रुग्णालयाच्या सर्जन, आणि ऑपरेशन थिएटरच्या प्रमुख स्वाती सिस्टर जिन्यात उभ्या होत्या. दोघींचेही डोळे लाल झाले होते.

"ऑपरेशनचे किती सेट राहिलेत?" मॅडमनी विचारलं.

"सकाळच्या सिझरला शेवटून दुसरा गेला. एकच आहे. कात्र्या, चिमटे मी स्वयंपाकघरातल्या कुकरमध्ये निर्जंतुक करून घेते. पण गाऊन, चादरी, मॉप कुकरमध्ये मावत नाहीत. मोठा ऑटोक्लेव्ह विजेवरचा. आणि तयार पाकिटांचा साठा खालच्या खोलीत होता, तो सगळा भिजला."

"पालघरला पाठवता येईल?"

"उमरोळीच्या अलीकडं रस्ता बंद आहे, मॅडम. दोन-तीन दिवस तरी."

झुंबर पुढं झाला. दुसऱ्याच्या बोलण्यात पडायची त्याला सवय नव्हती, म्हणून आधी त्यानं टोपी काढली. "ऑटोक्लेव्ह म्हंजी वाफेचाच ना, मॅडम?"

दोघींनी त्याच्याकडं पाहिलं.

"म्या बॉयलरवर होतो. एकतीस वर्षं."

स्वाती सिस्टर म्हणाल्या, "काका, मागच्या भंगाराच्या खोलीत एक जुनं पिंप आहे. चुलीवर चालायचं म्हणतात. मी नोकरीला लागले तेव्हापासून ते तिथंच पडून आहे."

ते पिंप म्हणजे कमरेएवढं उभं, जाड पितळी भांडं होतं. झाकणाला सहा मळसूत्री आवळण्या. झुंबरनं त्यावरचा गाळ हातानं पुसला, बोटानं ठोकून आवाज ऐकला, टॉर्च मारून आतले जोड बघितले. भांडं निरोगी होतं. पण दाबाचा काटा गंजून शून्यावर चिकटला होता, सेफ्टी व्हॉल्व्ह जाम होता आणि झाकणाच्या रबराचा भुगा झाला होता.

"हे फुटलं तर?" डॉ. मेघालींनी विचारलं.

"फुटलं तर म्या एकटाच जवळ आसंन," झुंबर म्हणाला. "पन आधी थंड पान्याची टेस्ट घेतो. दुप्पट दाब देतो. पान्यावर टिकलं तर वाफंवर टिकतंय. न्हाई टिकलं तर हात लावनार न्हाई."

मॅडमनी त्याच्याकडं दोन क्षण नीट पाहिलं. "करा," त्या म्हणाल्या.

रखमाबाईला व्हरांड्यात बसवून तो तसाच चालत एमआयडीसीत गेला. त्याच्या जुन्या कारखान्याच्या फाटकावर भाग्येश होता, एकेकाळी त्याच्या हाताखाली शिकलेला, आता बॉयलर हाऊसचा इनचार्ज. झुंबरनं सांगितलं तसा भाग्येशनं वरच्या साहेबांना फोन लावून पाहिला, लागेना, मग स्वतःच पान्हा घेऊन आत गेला. रंग शिजवायच्या छोट्या किटलीवरचा काटा आणि सेफ्टी व्हॉल्व्ह त्यानं उतरवून दिला, रबराचा पत्रा कापून दिला. "काका, मी येऊ का?" त्यानं विचारलं. झुंबर म्हणाला, "तू हितं थांब. लाईट आली की पहिला बॉयलर तुलाच पेटवायचाय."

दुसऱ्या दिवशी सकाळी टेस्टसाठी पंप हवा होता. रुग्णालयाला लागून रामनाथ सावे यांची वाडी होती. चिकूवर औषध मारायचा त्यांचा पायानं दाबायचा पंप त्यांनी स्वतः खांद्यावर घालून आणला. झुंबर पंपावर पाय मारत राहिला आणि सगळे लांब उभे राहून बघत राहिले. काटा दहा पौंडावर गेला, वीसवर, तिसावर गेला आणि थांबला. झुंबरनं घड्याळ लावून अर्धा तास वाट बघितली. एक थेंब गळला नाही.

"लाकूड कंचं घालनार?" रामनाथनी विचारलं.

"ओलं चालनार न्हाई."

"ओलं नाय देत. शेडमंदी मागच्या छाटनीचं रचून ठेवलंय, ते हाय. आनि शेड बी पडलीच हाय, तिचे वासे घ्या." मग वाडीकडं न बघताच ते म्हणाले, "ती पडलेली बी फोडून घ्या, हळूहळू वाळतील. आजानं लावलेली हायेत. आमी तरी काय करनार हाय त्यांचं?"

चिकूचं लाकूड जड, हळू जळणारं आणि निखारा धरून ठेवणारं. कोळशावर जन्म काढलेल्या झुंबरला त्या जाळाची धग हाताला लागली आणि बरं वाटलं. विहिरीत नाल्याचं पाणी शिरलं होतं. रखमाबाई बसल्या जागेवरून ओरडली, "आवो, गच्चीवरच्या टाकीत पावसाचं साचलंय की! त्ये घ्या ना!" मग एका हातानं इशारे करत तिनंच पेशंटांच्या नातेवाईक बायांना कामाला लावलं. कुणी गाळात भिजलेल्या चादरी धुवायच्या, कुणी दोरीवर वाळत घालायच्या, कुणी घड्या करायच्या. घडी कशी असावी हे सुलू नावाची जुनी आया दाखवत होती. तिची घडी इतकी नेमकी होती की रखमाबाई मान तिरकी करून बघतच राहिली.

पहिली खेप संध्याकाळ व्हायच्या आत निघाली. काटा पंधरा पौंडावर अर्धा तास हलला नव्हता. झुंबरनं आग ओढली, वाफ सोडली, झाकण उघडलं. स्वाती सिस्टरनी कापडाच्या डब्यातली पट्टी काढली. नीट वाफ लागली की तिच्यावरच्या रेघा काळ्याकुट्ट होतात. त्या जेमतेम भुऱ्या झाल्या होत्या. कापडही ओलं लागत होतं.

"चालणार नाही, काका."

"पंधरा पौंड हुता, सिस्टर. माझ्या डोळ्यांनी बघितलाय."

"खोटं नाही म्हणत मी. पण हे मी कुणाच्या उघड्या पोटावर घालू?"

झुंबरच्या कारखान्यात रंगाची छटा हुकली की कापड परत कढईत जायचं, एवढंच. ही बाई दोन दिवस झोपलेली नव्हती, हाताशी एकच सेट होता, आणि तरी ती एका भुऱ्या रेघेपुढं तसूभर हलायला तयार नव्हती. त्याला राग यायला हवा होता, तो आला नाही. तो चुलीपाशी उकिडवा बसून विचार करत राहिला. आणि मग त्याच्या ध्यानात आलं. आत हवा अडकली होती. हवा अडकली की काटा दाब दाखवतो, पण आत तेवढी उष्णता नसते. आणि डबे बायांनी ठासून भरले होते, वाफेला शिरायला जागाच ठेवली नव्हती.

सकाळी त्यानं डबे सैल भरायला लावले, डब्यांच्या झडपा स्वतः उघडून बघितल्या आणि वरची तोटी कितीतरी वेळ उघडी ठेवली. आधी फसफस पांढरं धूड बाहेर आलं. नंतर तोटीच्या तोंडाशी बोटभर अंतर काहीच दिसेना, आणि त्याच्या पुढं पांढरं दिसू लागलं. ती न दिसणारी बोटभर जागा म्हणजे खरी वाफ. झुंबरनं तोटी बंद केली. अर्ध्या तासानं दाब सोडून त्यानं झाकण थोडं कलतं ठेवलं, भांड्याच्या उष्णतेवर कापड सुकू दिलं. स्वाती सिस्टरनी पट्टी काढली. रेघा काजळासारख्या काळ्या होत्या. सिस्टरनी ती पट्टी त्याच्या तळहातावर ठेवली आणि डबे उचलून वर गेल्या.

त्याच सकाळी कोळीवाड्यातला बळवंत तांडेल आला. वादळात होडी आणखी वर ओढताना त्याचा जुना हर्निया बाहेर आला होता, आणि आदल्या रात्रीपासून आतडं अडकून बसलं होतं. त्याला चौघांनी दरवाजाच्या फळीवर घालून आणलं होतं. डॉ. मेघाली त्याचं पोट तपासून बाहेर आल्या. "याला थांबता येणार नाही. रक्त बंद झालंय त्या आतड्याचं. आत्ता उघडायला हवं."

थिएटरचा मदतनीस वाणगावला अडकला होता. बॅटरीचा मोठा दिवा धरायला उंच, न थकणारा माणूस हवा होता. "काका, तुम्ही उभे राहाल?" मॅडमनी विचारलं. "चक्कर येईल असं वाटत असेल तर आताच सांगा."

"भट्टीसमोर आली न्हाई कधी," झुंबर म्हणाला.

त्याला हातपाय धुवायला लावलं, टोपी, मास्क घातला, आणि भिंतीजवळच्या स्टुलावर उभं केलं. कशालाही हात लावायचा नाही, फक्त उजेड. बळवंतला कमरेखाली बधिर केलं होतं, तो जागाच होता. सकाळचीच चादर, अजून चिकूच्या धुराचा पुसट वास असलेली, त्याच्या अंगावर पसरली गेली.

"बाई, माजी होडी बगितली का कोनी?" चादरीआडून त्यानं विचारलं.

"होडी आहे जागेवर," सिस्टर म्हणाल्या. त्यांना माहीत असायचं काही कारण नव्हतं.

"सुरूच्या झाडाला बांदलीय. सुरू हाय का पन?"

मॅडमची बोटं चालत होती. जिथं आवळलं गेलं होतं ती घट्ट कडी त्यांनी कापली, आणि आतड्याचा वेटोळा बाहेर आला. झुंबरनं आयुष्यभर रंग बघितले होते. हा रंग जांभळ्याच्याही पलीकडचा होता, शाईचा.

"मेलं असेल तर तेवढं कापावं लागेल," मॅडम हळूच म्हणाल्या. "आधी बघू. सिस्टर, गरम सलाईनचे मॉप."

झुंबरच्या वाफेतून निघालेले पांढऱ्या कापडाचे तुकडे कोमट सलाईनमध्ये बुडवून त्या वेटोळ्याभोवती गुंडाळले गेले. मग सगळे थांबले. मॅडमचे हात हवेत जोडल्यासारखे स्थिर होते. पाच मिनिटं. बळवंत काहीतरी पुटपुटत होता. दहा मिनिटं. मॅडमनी कापड अलगद उचललं. शाई विटली होती. कडेला किंचित लाली दिसत होती. परत गुंडाळलं, परत थांबले. तिसऱ्यांदा कापड उचललं तेव्हा तो वेटोळा गुलाबी होता, लहान मुलाच्या ओठासारखा. आणि झुंबरच्या डोळ्यांदेखत तो हलला. कुणी हात न लावता, आपला आपण, एक लाट त्याच्यावरून सावकाश सरकत गेली.

"आलं परत," डॉ. मेघाली म्हणाल्या.

झुंबरच्या हातातला दिवा हलला नाही, पण मास्कच्या आत त्याचं तोंड उघडंच राहिलं होतं.

खाली आल्यावर तो चुलीशेजारी बसला. रखमाबाईनं विचारलं, "काय झालं? बरा हाय ना त्यो?" त्यानं मान हलवली. "रखमा," तो म्हणाला, "मेल्यालं परत येतंय. म्या बघितलं."

त्यानंतर नऊ दिवस ती चूल विझली नाही असं म्हटलं तरी चालेल. दिवसाला तीन खेपा. त्या वाफेवर दोन सिझर झाली, पत्र्यानं कापलेले पाय शिवले गेले, एका माणसाचा चिरडलेला हात जोडला गेला. पाचव्या दिवशी झाकणाचं रबर फाटलं, वाफ शीळ घालत सुटली, आणि झुंबरनं निखारे फावड्यानं ओढून बाहेर फेकले. त्याच्या मनगटावर फोड आले. भाग्येशनं दिलेल्या पत्र्यातून दुसरं रबर कापून दुपारपर्यंत परत दाब उभा राहिला. फुग्यावरचा तो म्हातारा मात्र सहाव्या दिवशी गेला. शेवटची पाळी ज्याची होती तो गडी बाहेर पायरीवर बसून रडला, आणि म्हाताऱ्याच्या मुलानं त्याचीच पाठ थोपटली.

वादळापासून अकराव्या दिवशी वीज आली. विजेवरचा ऑटोक्लेव्ह सुरू झाला तरी स्वाती सिस्टरनी आणखी दोन दिवस चुलीवरच्या खेपा घ्यायला लावल्या, कारण नव्याचा भरवसा त्यांना पट्टी बघितल्याशिवाय नव्हता. मग झुंबर आणि रखमाबाई घरी गेले. घरावर पत्रे घालायचे होते.

रुग्णालय एकदम उभं राहिलं नाही. कारखान्यांतले फिटर सुट्टीच्या दिवशी येऊन जनरेटर खोलून गेले, त्याच्या तारांची वेटोळी बोईसरला नव्यानं गुंडाळून आणली. एक्स-रेचं मशीन सुटं करून एकेक भाग पंख्याखाली वाळवला. भिंतींवरची पाण्याची रेघ चुना काढून नवा दिला तरी दोनदा परत उमटली. ओपीडी पावसाळाभर ताडपत्रीखाली चालली. सुलू आणि आणखी एक आया ते पिंप पेटवायला शिकल्या. झुंबरनं त्यांना भट्टीतला जाळ डोळ्यांनी आणि हवा कानांनी ओळखायला शिकवलं. आता त्या पिंपाला विटांची पक्की चूल आणि वर पत्र्याची शेड आहे. महिन्यातून एकदा त्या ते पेटवून बघतात.

सप्टेंबरात ट्रस्टचे लोक घरी आले. तुम्हाला काय हवं ते सांगा, म्हणाले. झुंबर बराच वेळ चपलेच्या अंगठ्याशी चाळा करत राहिला. मग म्हणाला, "सगळं चालू असताना दवाखाना बघायचाय. आतून."

डॉ. मेघालींनी एक दुपार मोकळी ठेवली आणि त्याला खोलीखोलीतून फिरवलं. रक्त तपासायचं यंत्र, एक्स-रे, श्वासाचं मशीन. प्रत्येकासमोर तो थांबला, ते काय करतं ते विचारलं, आणि ते करताना बघितल्याशिवाय पुढं गेला नाही. शेवटी नवजात मुलांच्या खोलीत काचेच्या पेटीत दीड किलोचं पोर झोपलेलं होतं. त्याच्या बरगड्या वर-खाली होत होत्या, कुणीही काहीही दाबत नसताना. झुंबर काचेशी वाकला तो वाकलाच.

"काका, आता जाऊ या?" मॅडमनी दोनदा विचारलं.

"थांबा, मॅडम," तो म्हणाला. "आजून थोडं बघू द्या."

घरी पोचल्यावर त्यानं पाणीसुद्धा घेतलं नाही. रखमाबाई भाजी निवडत बसली होती, तिच्यासमोर तो पाटावर बसला आणि पहिल्या खोलीपासून सांगायला लागला. भाजी निवडून झाली, भाकरी थापून झाल्या, तरी तो अजून दुसऱ्याच मजल्यावर होता.